तारेवरची जाळी

चाको, आघाडीच्या मागे अर्धा कोस
१२ ऑगस्ट १९३३

मदरिना दोन्या देओलिंदा यांस,

तुमचं पुडकं मिळून आज सव्वीस दिवस झाले, आणि सव्वीस दिवस मी उद्या लिहितो, उद्या लिहितो करत आलोय. कागद नव्हता असं सांगणार होतो, पण पुडक्यात कागद तुम्हीच घातला होता. पेन्सिल हरवली म्हणणार होतो, तर त्याही दोन निघाल्या. मग खरंच सांगतो. शाळेत मी एकूण दीड वर्ष गेलो, त्यातलं निम्मं मास्तरांची गाय वळण्यात गेलं. लिहायला बसलो की हात गायीमागे धावल्यासारखा धावतो.

दुसरं कारण जरा लाजेचं आहे. प्रत्येक शिपायाला पत्रं आणि खाऊ पाठवणारी एक मदरिना मिळणार, मानलेली आई, असं साहेबांनी वाचून दाखवलं तेव्हा मला वाटलं, माझ्या वाट्याला राजधानीतली कुणी सतरा वर्षांची पियानो वाजवणारी येईल. तुमच्या चिठ्ठीत पहिलंच वाक्य, ‘माझं वय अठ्ठावन्न, पुढचे तीन दात नाहीत, तेव्हा भलत्या आशेवर राहू नकोस.’ ते मी वाचलं, आणि त्रांकिलीनोने सगळ्या खंदकाला ओरडून सांगितलं. आठवडाभर मला कुणी नावाने हाक मारली नाही. ‘काय रे तीन दात’ म्हणायचे.

त्रांकिलीनो म्हणजे माझा जोडीदार. नाव शांत माणसाचं, तोंड पोपटाचं. आम्ही दोघं एकाच तारेची दोन टोकं आहोत. हे समजावून सांगायला हवं.

मी येर्बाच्या रानात पानांची ओझी वाहिली, नदीवरच्या बोटीत कोळसा टाकला, एका सर्कशीत तंबूच्या मेखा ठोकल्या, त्यामुळे माझा समज होता की मी जगातली सगळी यंत्रं पाहिलीत. काही पाहिलं नव्हतं. इथे एक उखळी तोफ आहे, नळकांडं फक्त, दोन माणसं खांद्यावर नेतात. वरून गोळा आत सोडायचा, तो आपला आपण उडतो आणि झाडांच्या डोक्यावरून जाऊन उभा खाली पडतो. तोफ झाडीत, शत्रू झाडीत, कुणाला कुणी दिसत नाही. मग नेम कुणी सांगायचा? मी. मी फोनची पेटी आणि तारेचं रीळ घेऊन सरपटत पुढे जातो, खड्ड्यात पडून बघतो गोळा कुठे पडला, आणि किती मीटरवर मारायचं ते तारेतून सांगतो. दुसऱ्या टोकाला तोफेपाशी त्रांकिलीनो ऐकतो. माझ्या जिभेवर दिवसाला दीड मण लोखंड उडतं, मदरिना. सर्कशीत एक माणूस तोंडाने खुर्ची उचलायचा, त्याचं फार कौतुक होतं मला.

पाच महिने झाले, मी जिवंत बोलिव्हियन पाहिला नाही. त्यांची मशीनगन तेवढी ओळखतो, तिचा ठसका वेगळा आहे. आमच्या घोडदळातल्या पोरांनी घोडे केव्हाच मागे पाठवले. त्या ठसक्यापुढे घोडा पानासारखा गळतो. आता ते खोगिरावर डोकं ठेवून झोपतात आणि पायी चालतात. मागच्या महिन्यात शत्रूचा रणगाडाही आला होता. लोखंडी चुलीत माणसं कोंडल्यासारखं. उन्हाने आतले दोघं बेशुद्ध पडले म्हणे. तरी येताना तो झाडं मोडत आला तेव्हा मला, देवाशपथ, उठून बघावंसं वाटलं.

हे कुठून कुठे गेलं. अडचण सांगायची होती. तारेवर आम्ही गुआरानीतच बोलतो. शत्रूचे लोक रात्रीतून तारेला तार जोडून ऐकतात, त्यांना ती भाषा येत नाही. पण आकडे? आपल्यात एक, दोन, तीन, चार आपल्या भाषेत आणि पुढे सगळं स्पॅनिशमध्ये, बाजारात अंडी मोजतो तसं. मी ‘साडेचारशे’ म्हटलं की तेवढा शब्द त्यांना स्वच्छ कळतो, आणि गोळा यायच्या आत मशीनगन दुसरीकडे. गेल्या खेपेस नऊ जण पुढे गेले होते, चार परतले. पुढच्या चालीत माझ्या खड्ड्याच्या आसपास अकरा जण असतील. ते अकराही मला रोज विचारतात, ‘आकड्यांचं काही झालं का रे?’ कागदावर खुणा लिहायच्या नाहीत असा हुकूम आहे, कागद पकडला जातो. आणि त्रांकिलीनोला वाचता येत नाही.

येर्बा संपत आलाय. पाणी दिवसाला एक बाटली, तरी त्यातलं अर्धं आम्ही येर्बाची पानं भिजवून तेरेरे प्यायला राखतो. शिंगाचा एकच पेला, अकरा तोंडं.

तुमचा मानलेला,
सिरिलो ओव्हेलार


इताउग्वा
२ सप्टेंबर १९३३

सिरिलो,

सव्वीस दिवस. माझ्या नवऱ्याने लग्नाला होकार द्यायला एवढे घेतले नव्हते, आणि तो माणूस जेवायलाही विचार करून बसायचा.

येर्बा दोन शेर पाठवला आहे. कंदाच्या पिठाच्या चिपा कडक भाजल्या आहेत, दगडासारख्या, म्हणजे टिकतील. दात आहेत तोवर खा.

तुझं पत्र मी आईला वाचून दाखवलं. ती शहात्तर वर्षांची आहे. मागच्या मोठ्या लढाईत ती दहा वर्षांची, फौजेच्या मागे अनवाणी चालली होती. ती म्हणते, तेव्हा भाला मारणाऱ्याचे डोळे दिसायचे. तुझी तोफ कशी चालते ते मी तिला परातीवर वाटाणे टाकून दाखवलं. सगळं बघून ती म्हणाली, ‘म्हणजे आता डोळ्याचं काम जिभेला आलं. त्या पोराची जीभ देव सांभाळो.’ तिने कुणा शिपायाची एवढी काळजी केलेली मी पाहिली नव्हती.

आता तुझी अडचण. आमच्या गावात बायका एकच काम करतात, जाळी विणायची. चौकटीवर कापड ताणून सुईने कोळ्यासारखं गोल गोल. प्रत्येक नक्षीला गुआरानी नाव आहे, आणि ते विणणाऱ्या बायकांखेरीज कुणाला कळत नाही. मी तुला ताटलीएवढी एक जाळी पाठवते. कडेने दहा नक्ष्या: जाई, पेरूचं फूल, गोचीड, गायीचं पाऊल, वारूळ, विंचू, केरसुणी, भट्टी, फुलपाखरू, क्रूस. एकापुढे एक, वर्तुळात. जाई शून्य धर, मग उजवीकडे मोजत जा. पेरूचं फूल एक, गोचीड दोन. तू म्हणायचं ‘विंचू, जाई, जाई’, त्याने ऐकायचं पाचशे. शत्रूला वाटेल दोघं आयांच्या आठवणी काढताहेत.

आणि रोज तेच ठेवू नका, कान आहेत म्हणजे ऐकणाऱ्याला अक्कलही असते. आज शून्य जाईपासून, उद्या गोचिडीपासून. सकाळी दोघांनी नुसतं पहिलं नाव ठरवायचं, पुढचा क्रम जाळी सांगते. हे तोंडपाठ करायला जाल तर घोळ कराल, म्हणून दोघांना दोन जाळ्या. सापडलीच कुणाला तर काय, आईने दिलेला रुमाल.

आठवड्याने टपालाची गाडी आहे, तोवर दोन्ही होतील. एवढी बारीक जाळी मी दुसऱ्या कुणाच्या हातून होऊ देणार नाही.

तीन दात नसलेली,
देओलिंदा फ्लेइतास


चाको
१ ऑक्टोबर १९३३

मदरिना,

या वेळी उशीर नाही, टपालाचा ट्रक उभाच आहे आणि ड्रायव्हर रेडिएटरला शिव्या घालतोय. पाण्याचा ट्रक आणि हा एकच आहे. येताना पाणी, जाताना पत्रं आणि जखमी. हे ड्रायव्हर लोक वेगळ्याच मातीचे, आसापर्यंत वाळूत रुतलेली चाकं झाडाच्या फांद्या घालून काढतात, रेडिएटरमध्ये स्वतःच्या वाट्याचं पाणी ओततात आणि स्वतः झाडाचे कंद चघळतात. सगळी लढाई या चार चाकांवर उभी आहे, पण पुतळा होईल तो घोड्यावरच्या कुणाचा तरी.

जाळ्या पोचल्या. मी काय सांगू. लेफ्टनंट इन्सफ्रान साहेबांनी हातात घेण्याआधी हात पुसले. ‘हे कोणी सुचवलं?’ मी म्हटलं, ‘माझ्या मदरिनेने, साहेब.’ ‘सैन्यात आहेत का?’ ‘नाही साहेब, चुलीपाशी आहेत.’ ते म्हणाले, ‘राजधानीत तीन जण वर्षभर यावर डोकं खाजवताहेत.’

एक माझ्याकडे, एक त्रांकिलीनोकडे. तो अंगरख्याच्या आत ठेवतो आणि सगळ्यांना सांगतो की ही माझ्या बायकोने दिली. त्याला बायको नाही. वाचता येत नसलेल्या माणसाला दोन दिवसांत दहा नक्ष्या पाठ, आंधळ्यासारखा बोटाने चाचपून सांगतो. मला विचाराल तर या तारेवर तोच खरा शहाणा. मी नुसता बघतो आणि बोलतो, तो न बघता विश्वास ठेवतो.

काल चाचणी झाली. मोकळ्या जागी पाचशेवर एक वाळलेलं झाड होतं, फुगलेल्या पोटाचं. मी तारेत म्हटलं, ‘विंचू, जाई, जाई.’ थोडा वेळ काही नाही. मग डोक्यावरून शीळ गेली आणि झाडाच्या पोटात गोळा. पुन्हा एकदा पाचशे, पुन्हा तिथेच. अकराही जण झाडीतून टाळ्या वाजवायला लागले, साहेबांनी ओरडून गप्प केलं.

तारेवर मधेमधे कुणाचा तरी खोकला ऐकू येतो, तो आमच्यातला नाही. चाचणीच्या वेळी तोही थांबला होता. बिचारा गोचीड आणि केरसुणी वहीत लिहून घेत असेल.

चाल आठवड्याभरात. मशीनगन कुठे आहे ते हेरून आलोय. ड्रायव्हर हॉर्न वाजवतोय. आईंना सांगा, जीभ ठीक आहे.

सिरिलो


इताउग्वा
६ नोव्हेंबर १९३३

सिरिलो,

पाच आठवडे झाले. तू आळशी आहेस हे मला माहीत आहे, म्हणून पहिले तीन मी मोजले नाहीत. चौथ्यात स्टेशनवर जाऊन मेलेल्यांची यादी बघून आले. तुझं नाव त्यात नाही. दुसऱ्याच कुणा ओव्हेलारचं होतं, त्याच्या आईशेजारी मी उभी होते.

आई रोज विचारते, जिभेचं पत्र आलं का.

चार ओळी लिही. गाय वळल्यासारख्या लिहिल्यास तरी चालतील.

देओलिंदा


नदीकाठचं बंदर, इस्पितळ
१९ नोव्हेंबर १९३३

मदरिना,

घाबरू नका. मी बंदराच्या इस्पितळात आहे, पण दाढ काढायला आलोय. तुमच्या चिपा. बाकी मजेत. इथे नदी आहे, आणि पाणी हवं तेवढं. पहिल्या दिवशी मी अकरा पेले प्यायलो, मग नर्सने पेला काढून घेतला. एक बाई इथे रोज कासवं धुते. खरी कासवं, हातबॉम्ब नव्हे. आम्ही हातबॉम्बला कासव म्हणतो ते तुम्हाला सांगितलं होतं का? नसेल. असो.

चाल झाली. ते सांगायलाच हवं, सांगवत नव्हतं म्हणून तर लिहीत नव्हतो.

त्या दिवशीचं शून्य गोचीड होती. आमचे अकरा जण तोफेपासून चारशे मीटरवर, मी त्यांच्या जरा पुढे. मशीनगन सहाशेवर. मी जाळी पाहिली, गोचिडीपासून उजवीकडे सहावं फुलपाखरू. तारेत म्हटलं, ‘फुलपाखरू, गोचीड, गोचीड.’ त्रांकिलीनोने शब्द परत म्हणून दाखवले, चोख. शीळ आली, पण लांब जाणारी नाही, जवळ येणारी. गोळा आमच्यावर पडला. पाण्याचं पिंप फुटलं, तीस माणसांचं दोन दिवसांचं पाणी वाळूने एका घोटात पिऊन टाकलं. दोघं जखमी झाले, त्यातला कॉर्पोरल लेस्मे. सगळ्यांच्या तेरेरेला तोच पाणी घालायचा, स्वतः शेवटी प्यायचा. ट्रकमध्ये वाटेत गेला.

मशीनगन चालू झाली होती, आणि बाकीचे नऊ उघड्यावर. मला एवढंच कळलं की मी सहाशे म्हटलं आणि तो चारशे समजला. शब्द बरोबर, आकडा चुकीचा. म्हणजे त्याची जाळी पालथी. घड्याळ मागून बघितलं तर कसं होईल? बारा बाराच्या जागी, सहा सहाच्या जागी, पण तीन वाजायच्या जागी नऊ. चाचणीत आम्ही पाचशेच मारले, शून्य आणि पाच दोन्हीकडून सारखेच येतात, म्हणून कळलं नाही. समजावून सांगायला वेळ नव्हता आणि तारेत सांगणार तरी कसं. मी उलटं मोजलं. सहाशे हवे म्हणून माझ्या जाळीवरचं चार सांगितलं, ‘केरसुणी, गोचीड, गोचीड.’ तोंडातून शब्द जाईना, कारण माझ्या जाळीवर तो चारशेचा आकडा माझ्याच माणसांचा होता. मी चुकत असलो तर दुसराही गोळा आमच्यावरच. तरी म्हटलं. शीळ वरून पुढे गेली. मग ‘केरसुणी, जाई, गोचीड’, वीस मीटर पुढे, आणि ठसका बंद झाला. नऊही जण चालत परतले.

साहेब म्हणतात हे सगळं पोस्टात मेडल येण्यासारखं आहे. मला मेडल नको. त्रांकिलीनो माझ्या इथून दोन खोल्या पलीकडे, कोंडलेला आहे. आपल्याच माणसांवर मारा, निष्काळजीपणाने, त्यात मृत्यू. खटला डिसेंबरच्या मध्यावर. तो म्हणतो, ‘मी पालथी धरली नव्हती, सुलटीच होती.’ मी त्याला खिडकीतून म्हटलं, ‘अरे गाढवा, एकदा कबूल कर, चूक झाली म्हण, शिक्षा कमी होईल.’ तो म्हणाला, ‘तूसुद्धा?’ त्यानंतर आम्ही बोललेलो नाही. आमची भेट झाली त्या दिवसापासून तो गप्प बसल्याचं मी पहिल्यांदा पाहतोय.

मदरिना, मला त्याचा राग आहे. लेस्मेच्या आईला मी काय लिहू? एका माणसाने एक रुमाल नीट धरायचा होता.

सिरिलो


इताउग्वा
१ डिसेंबर १९३३

सिरिलो,

दाढ काढायला कुणाला पाच आठवडे बंदरात ठेवत नाहीत. आणि तुझ्या ओळी सगळ्या उजवीकडे कलल्या आहेत, मान वाकडी करून लिहिल्यासारख्या. काय झालंय ते पुढच्या पत्रात खरं लिही. मी आज खरं लिहिते आहे, तेव्हा तुलाही लिहावं लागेल.

त्रांकिलीनोने जाळी पालथी धरली नव्हती. त्याची जाळीच उलटी आहे.

पहिली जाळी, तुझी, मी विणली. दुसरी सुरू करायच्या दिवशी माझ्या उजव्या हाताच्या बोटाला नखुरडं झालं, सुई धरवेना. टपालाची गाडी चार दिवसांवर. चार दिवसांत अशी जाळी विणेल असं गावात दुसरं एकच माणूस आहे, माझी बहीण फुलखेन्सिया. तिच्याशी मी नऊ वर्षं बोललेली नाही. कारण सांगते. ती डावरी आहे. आम्ही सगळ्या उजवीकडे विणत जातो, ती डावीकडे. नऊ वर्षांपूर्वी काकुपेच्या जत्रेत तिच्या जाळीला पहिलं बक्षीस मिळालं, आणि मी चारचौघींत म्हणाले, ‘उलट्या जाळीला बक्षीस, आता विंचवालाही द्या.’ सगळ्या हसल्या. ती हसली नाही.

तर मी चिपावालीच्या हाती निरोप पाठवला. नक्ष्यांची नावं क्रमाने सांगितली. कुठल्या बाजूने जायचं ते सांगितलं नाही, ते कुणी कुणाला सांगतच नाही, पाणी कुठल्या बाजूने वाहतं हे सांगितल्यासारखं होईल. माझी जाळी दाखवायलाही पाठवली नाही. तिने बघून नावं ठेवली असती तर? तिची जाळी आली तेव्हा मी दहा नक्ष्या मोजल्या. दहा होत्या. इतकी सुंदर होती की मी पुन्हा बघितली नाही, मत्सर वाटला. तुला लिहिलं नाही, कारण आधीच्या पत्रात मोठ्या तोऱ्याने लिहून बसले होते की दुसऱ्या कुणाच्या हातून होऊ देणार नाही.

लेस्मेच्या आईला तू काही लिहू नकोस. तिचा पत्ता पाठव, मी जाईन.

तुझं पत्र घेऊन मी फुलखेन्सियाच्या दारी गेले. नऊ वर्षांनी. उभ्या उभ्या सगळं वाचून दाखवलं. तिने चिरूट विझवला, ऐकून घेतलं, आणि दार लावलं. मला तिचा दोष वाटत नाही. कुठल्या तोंडाने मागणार होते मी तिच्याकडे काही?

हे पत्र तुझ्या साहेबांना दाखव. त्यांना सांग, जाळीला सुलटी बाजू असते, मागच्या अंगाला गाठी असतात. दोन्ही जाळ्या गाठी खाली ठेवून शेजारी ठेवल्या की आंधळ्यालाही कळेल. त्या पोराला सोडवा. आठ तारखेला मी काकुपेच्या जत्रेला, नवसासाठी, पायी जाते आहे.

देओलिंदा


नदीकाठचं बंदर
१४ डिसेंबर १९३३

मदरिना,

आधी माझं. डावा कान गेला. गोळा त्या बाजूला पडला होता. फोन तसाही एकाच कानाला लावतात, म्हणून फारसं बिघडलेलं नाही, फक्त माणसं कुठल्या बाजूने हाक मारतात ते कळत नाही, मी गोल फिरतो. नर्स मला भोवरा म्हणते.

तुमचं पत्र दहाला मिळालं. वाचलं आणि पहिल्यांदा त्याच्या खिडकीपाशी गेलो. म्हटलं, ‘तुझी सुलटीच होती.’ तो म्हणाला, ‘हे मला माहीत आहे. तुला कुणी सांगितलं?’ सगळं वाचून दाखवलं. मग त्याने विचारलं, ‘म्हणजे ती माझ्या बायकोने विणली नाही?’ मी हसलो, आणि मग मला हसता येईना. लेस्मेबद्दल त्यालाही माझ्याइतकंच वाटतं हे मी विसरलोच होतो. शब्द त्याच्या तोंडून तोफवाल्याला गेला होता. त्याने मला एवढंच म्हटलं, ‘दुसऱ्या वेळी तू केरसुणी म्हणालास तेव्हा मला कळलं होतं की काहीतरी चुकलंय. मी आकडा बदलला नाही. म्हटलं, तो पोरगा समोर बघतोय, मी बघत नाही.’ मदरिना, त्याने त्या वेळी स्वतःचं डोकं चालवलं असतं तर नऊ जण आणि मी, सगळेच गेलो असतो. अशा माणसाला मी गाढव म्हटलं.

तुमच्यावर मी रागावलेलो नाही. प्रयत्न केला, जमत नाही. साक्षीला आणलेले नऊ जण रोज येऊन बसतात, तुमचा येर्बा पितात. त्यांतल्या एकाने विचारलं, ‘जाळीवाली बाई बरी आहे का?’ मी म्हटलं, ‘नाही.’ तो म्हणाला, ‘तिला सांग, आम्ही आहोत.’

आता वाईट. खटला उद्या सकाळी. तपास करणारे ऑडिटर साहेब चांगले आहेत पण कागदाचे आहेत. तुमचं पत्र त्यांनी दोनदा वाचलं. म्हणाले, ‘आरोपीच्या मित्राची मदरिना आरोपीच्या बाजूने लिहिते, हा पुरावा नाही.’ इन्सफ्रान साहेबांनी दोन्ही जाळ्या टेबलावर मांडल्या आणि गाठी दाखवायला गेले. त्रांकिलीनोची जाळी अडीच महिन्यांच्या नव्हे, पाच वर्षांच्या घामाने भिजल्यासारखी झालीय, नंतर कोठडीत त्याने ती मांडिओका कंदाच्या खळीत धुऊन कडक केली. गाठी कुठल्या बाजूला, आम्हा कुणाला सांगता येईना. ऑडिटर साहेबांनी ती उचलली, पालथी केली, परत ठेवली, आणि क्रम बरोबर आला. ‘हे पहा, अशी धरली की बरोबर, तशी धरली की चूक. मला दोन्ही बाजू सारख्याच दिसतात. त्याने चुकीची धरली, एवढंच सिद्ध होतं. कोणती बाजू सुलटी ते जिने विणली तीच सांगू शकेल, आणि ती इथे नाही.’ इन्सफ्रान साहेब म्हणाले, ‘बोलावू या.’ ते म्हणाले, ‘लढाई थांबवू का तोवर?’

माझा पूर्ण दिवस नदीकडे बघण्यात गेला. एक विमान पाण्यावर उतरलं, पाय ओले न करता बसणाऱ्या बदकासारखं, आणि त्यातून एक सेनाधिकारी उतरला. एरवी मी दोन पानं त्या विमानावर लिहिली असती. सहा महिन्यांपूर्वी मला वाटायचं ही लढाई यंत्रांची आहे, ज्याचं नळकांडं लांब तो जिंकेल. आता तारेकडे बघितलं की वाटतं, एवढी मोठी तोफ, आणि ती कुणाच्या तरी सुईच्या दिशेवर टेकलेली.

थांबा जरा. खाली बोट लागलीय, आरडाओरडा चाललाय, मला कुठल्या बाजूने ते कळत नाही.

बघून आलो. फळीवरून एक म्हातारी उतरते आहे. डोक्यावर विणायची लाकडी चौकट, त्यावर ताणलेलं कापड, अर्धी जाळी झालेली, तोंडात चिरूट. पहारेकरी म्हणतो, ‘मावशी, ही लष्करी जागा आहे, बायकांना मनाई आहे.’ ती म्हणते, ‘तीन दिवस बोटीत सगळे हेच सांगताहेत. बाजूला हो.’ तो विचारतो, कुणाकडे आलात. तिने चौकट खाली घेतली, चिरूट डाव्या हाताने काढला आणि म्हणाली,

‘माझ्या डाव्या हाताचा गुन्हा ज्याच्या नावावर टाकलाय, त्या पोराकडे.’